फ्लेक्सवरचा भाऊ आणि पुण्यातला राजपुत्र

छत्रपती संभाजीनगरच्या औरंगपुऱ्यात माणसं दोन थरांत राहतात. खालच्या थरात रस्त्यावरची: उन्हाने रापलेली, कपाळावर हेल्मेटचा वळ उमटलेली, साहेब जागेवर नसल्यामुळे जिल्हा परिषदेतून तशीच परत निघालेली, मंडईत मेथीच्या जुडीवरून तावातावाने बोलणारी. वरच्या थरात, त्यांच्या डोक्यावर, फ्लेक्सवरची. यांना घाम येत नाही, सुरकुती पडत नाही, ऊन लागत नाही. साठी उलटलेल्या भाऊंच्या गालावर सहा महिन्यांच्या बाळाची तुकतुकी असते. गळ्यापर्यंत भाऊ गोरेपान, नमस्काराला जोडलेले हात मात्र मूळ रंगाचे, कारण डिझायनरला एका रात्रीत असे ढीगभर भाऊ उरकायचे असतात.

जानेवारी २०२६ मध्ये छत्रपती संभाजीनगर महापालिकेची निवडणूक झाली. त्याआधीची २०१५ची. मधल्या काळात भावी नगरसेवकांचं भावीपण इतकं लांबलं की त्यांची मुलं लग्नाला आली, पण फ्लेक्सवरचे भाऊ दर वाढदिवसाला दोन वर्षांनी लहान होत गेले. हे तंत्र आपल्या गावात इतकं मुरलेलं असताना जगभरातले व्हिडिओ गेम बनवणारे नेमकं उलटं काम करण्यासाठी पाण्यासारखा पैसा ओतताहेत, हे ऐकून भाऊंना हसू येईल.

गेमवाल्यांना डाग हवे असतात. नाकाच्या शेंड्यावरची छिद्रं, लहानपणी पडून भुवईत राहिलेली खूण, नाकपुडीच्या कडेची लाली, एका बाजूला किंचित उतरलेला ओठ. हे सगळं ते पगारी माणसं बसवून, दिवसदिवस खपून तयार करून घेतात. आमच्या शहरात एकाच घरातला थोरला फ्लेक्सच्या दुकानात 'स्मूथ' मारतोय आणि धाकटा गेमिंगच्या क्लासमध्ये कुणाच्या तरी गालावर मुरूम बसवतोय, असं होणं मुळीच अवघड नाही. त्यांच्या आईला थोरल्याचं काम कळतं. धाकट्याचं सांगितलं तर म्हणेल, मुरमांसाठी एवढी फी? घरात फुकट आहेत की.

आता या मुरमांची कृती ऐका, कारण ती ऐकण्यासारखी आहे.

खोटा माणूस तयार करायला आधी खरा माणूस लागतो. त्याला खुर्चीत बसवतात, भोवती कॅमेऱ्यांचं कडं उभं करतात आणि सगळे कॅमेरे एकाच क्षणी उडवतात. मग त्याला तोंडं वेडीवाकडी करायला सांगतात. ही तोंडं मनाला येतील तशी करायची नसतात. पॉल एकमन आणि वॉलेस फ्रीझन या मानसशास्त्रज्ञांनी १९७८ मध्ये चेहऱ्याच्या हालचालींची एक पद्धतशीर यादी तयार केली, तिच्यात प्रत्येक हालचालीला नंबर आहे. ओठांचे कोपरे वर ओढले गेले की १२ नंबर. गाल वर चढून डोळ्यांच्या कडेला कातडी गोळा झाली की ६ नंबर. मनापासून हसणाऱ्याच्या चेहऱ्यावर दोन्ही सापडतात, तोंडदेखल्या हसण्यात नुसता १२. औरंगपुऱ्यातल्या फ्लेक्सवर कुणाला ६ नंबर दिसला तर या सदराकडे जरूर कळवावं.

पुढची पायरी कातडीची, आणि इथे भल्याभल्यांची दमछाक झाली. संगणकातली माणसं बरीच वर्षं प्लास्टिकची दिसत, कारण उजेड कातडीवर आपटून परत फिरतो असं गणित धरलेलं असे. प्रत्यक्षात तो आत शिरतो, इकडेतिकडे पसरतो आणि थोडा सरकून भलत्याच जागेतून बाहेर येतो. सूर्य मागे असला की माणसाचे कान लालबुंद दिसतात ते यामुळे. २००१ मध्ये हेन्रिक वान येन्सन, स्टीव्हन मार्शनर, मार्क लेव्हॉय आणि पॅट हॅनराहन यांनी हा प्रकार संगणकाला झेपेल अशा गणितात बसवला. त्यांच्या निबंधात एक तक्ता आहे, तो औरंगपुऱ्याच्या मंडईत फ्रेम करून लावावा असा: सफरचंद, कोंबडी, क्रीम, केचप, संगमरवर, बटाटा, साय काढलेलं दूध, माणसाची कातडी आणि सायीचं दूध. सगळ्यांच्या आत उजेड किती मुरतो याचे आकडे एकाखाली एक. शास्त्रज्ञाच्या लेखी आपण बटाट्याच्या दोन ओळी खाली. या कामाबद्दल येन्सन, मार्शनर आणि हॅनराहन यांना पुढे ऑस्करवाल्या अकादमीचा तंत्रज्ञानाचा पुरस्कार मिळाला.

एवढ्यावर भागत नाही. डोळ्याचा पांढरा भाग पांढरा ठेवला की बाहुली दिसते, म्हणून तो मळवावा लागतो, त्यात बारीक लाल शिरा घालाव्या लागतात. खालच्या पापणीच्या काठावर पाण्याची एक चमकती रेघ असते, ती विसरली की माणूस मेलेला वाटतो. केसांचं तर विचारूच नका. माणसाच्या डोक्यावर साधारण लाखभर केस. २००१ मध्ये आलेल्या 'फायनल फँटसी: द स्पिरिट्स विदिन' या चित्रपटात अकी नावाच्या नायिकेला साठेक हजार केस दिले होते आणि त्या काळी त्याचा केवढा बोलबाला झाला. चित्रपट एवढा आपटला की बनवणारा स्टुडिओच बंद पडला. केस वाचले, घर बुडालं.

आणि तो झाला चित्रपट. चित्रपटाची एकेक फ्रेम काढायला संगणकाने तासन्‌तास घेतले तरी प्रेक्षक थिएटरबाहेर थांबलेला नसतो. गेममध्ये सेकंदाला ६० फ्रेम लागतात, म्हणजे एकीच्या वाट्याला साधारण १६ मिलिसेकंद. तेवढ्यात केस, घाम, डोळ्यातलं पाणी, कातडीत मुरलेला उजेड, अंगावरच्या कपड्याची चुणी, सगळं काढायचं, आणि मागून येणारा झोंबीही काढायचा. आपल्याकडे तेवढ्या वेळात सरकारी संकेतस्थळावर गोल चक्रसुद्धा फिरायला लागत नाही.

इतकं करून माणूस जवळजवळ खरा झाला की नवीच पंचाईत. मासाहिरो मोरी या जपानी रोबोशास्त्रज्ञाने १९७० मध्येच लिहून ठेवलंय: यंत्र माणसासारखं दिसू लागलं की ते आवडू लागतं, आणखी सारखं झालं की आणखी आवडतं, आणि अगदी माणसासारखं व्हायला जरासं उरलं की अचानक अंगावर काटा येतो. आवडीचा चढत गेलेला आलेख एकदम दरीत कोसळतो. त्या दरीत पडलेल्या गेमची हाडं आजही दिसतात. २०१७चा 'मास इफेक्ट: अँड्रोमेडा' निघाल्यावर त्यातल्या पात्रांच्या भावशून्य चेहऱ्यांची लोकांनी महिनाभर टर उडवली. २०१४च्या 'असॅसिन्स क्रीड युनिटी'त तर एका तांत्रिक घोळामुळे काही ठिकाणी पात्रांच्या चेहऱ्याची कातडीच उमटली नाही. अधांतरी बुबुळं, दातांच्या कवळ्या आणि वर व्यवस्थित विंचरलेले केस, असे ते एकमेकांशी प्रेमाने बोलत होते.

ही दरी चेहऱ्यालाच का लागते? कारण चेहरा वाचणं हा जगातला एकमेव विषय आहे ज्यात सगळे पास असतात. मंडईतल्या मावशीला गिऱ्हाईक दोन पावलं पुढे जाऊन परत फिरणार की नाही, हे त्याच्या पाठीवरूनसुद्धा कळतं. २०११च्या 'एल. ए. नॉयर' या गेमचा सगळा डाव यावरच बेतलेला होता: साक्षीदाराच्या चेहऱ्याकडे बघायचं आणि तो खोटं बोलतोय का ते ओळखायचं. त्यासाठी नटांना ३२ कॅमेऱ्यांच्या मधोमध खुर्चीत बसवून त्यांचे चेहरे टिपले. धडाच्या हालचाली मात्र वेगळ्या वेळी घेतल्या. परिणाम असा की चेहरा विलक्षण जिवंत आणि तो भलत्याच्या खांद्यावर आणून ठेवल्यासारखा. औरंगपुऱ्यात हे तंत्र कधीपासून चालतं. कोट एकाचा, धड दुसऱ्याचं, डोकं भाऊंचं.

आता पुण्याला जाऊ. या विषयातली आपल्या घरातली गोष्ट तिथे घडली आहे.

तिची सुरुवात अमेरिकेत झाली. जॉर्डन मेकनर नावाच्या तरुणाने १९८५ मध्ये धाकट्या भावाला, डेव्हिडला, पांढरे कपडे घालून पार्किंगच्या मोकळ्या जागेत पळायला, उड्या मारायला लावलं. त्याचा व्हिडिओ काढला आणि एकेक चित्र गिरवत संगणकात उतरवलं. त्यातून १९८९चा 'प्रिन्स ऑफ पर्शिया' झाला. त्या राजपुत्राला नाक-डोळे म्हणावेत असं काही नव्हतं, इनमीन काही ठिपके. पण तो उडी चुकल्यावर कठड्याला लोंबकळायचा आणि अंग ओढत वर चढायचा, तेव्हा बघणाऱ्याचे खांदे दुखायचे. इतका तो खरा होता. भावाचं वजन त्यात उतरलं होतं.

पुढे हा राजपुत्र युबिसॉफ्ट या गेम कंपनीकडे गेला, २००३ मध्ये 'द सँड्स ऑफ टाइम' आला आणि गाजला. सप्टेंबर २०२० मध्ये जाहीर झालं की त्याच गेमची नवी आवृत्ती युबिसॉफ्टचे पुणे आणि मुंबईचे स्टुडिओ करताहेत. आनंदाचीच बातमी होती. परदेशी गेममधली सुटी कामं करणाऱ्या आपल्या पोरांच्या हाती एकदम अख्खा राजपुत्र! सोबत ट्रेलर आला आणि जगभरात एकच विषय झाला: याचा चेहरा. कुणी प्लास्टिकचा म्हटलं, कुणी दहा वर्षं जुना म्हटलं. जानेवारी २०२१ची तारीख मार्चवर गेली, फेब्रुवारीत ती मार्चचीही रद्द होऊन बेमुदत झाली. मे २०२२ मध्ये राजपुत्राला पुण्या-मुंबईहून उचलून कॅनडातल्या मॉन्ट्रिअलच्या स्टुडिओकडे पाठवलं. तिथे साडेतीन वर्षांहून जास्त काळ त्याच्यावर उपचार झाले आणि जानेवारी २०२६ मध्ये कंपनीने गेमच रद्द केला.

त्या वेळी आपल्याकडचे काही शहाणे म्हणाले, भारतीयांना जमलं नाही. जमलं तर मॉन्ट्रिअललाही नाही, पण ते असो. आम्हाला दिसतं ते असं: आपल्या देशातल्या स्टुडिओंच्या वाट्याला वर्षानुवर्षं काय आलं? खुर्च्या, पिंपं, बंदुका, भिंती, तपासणी. उत्तम काम. पिंप बनवण्यात आपला हात कुणी धरणार नाही. पण पिंपाला नातेवाईक नसतात. पिंप जरा वाकडं झालं म्हणून 'हा आमचा वाटत नाही' असं कुणी म्हणत नाही. चेहऱ्याचं काम सगळ्यात शेवटी मिळतं आणि सगळ्यात आधी चव्हाट्यावर येतं.

गंमत म्हणजे त्या ट्रेलरच्या जेमतेम महिनाभर आधी, ऑगस्ट २०२० मध्ये, पुण्याचाच आणखी एक गेम बाहेर पडला होता. नॉडिंग हेड्स गेम्स या छोट्या स्टुडिओचा 'राजी: अॅन एन्शंट एपिक'. भावाला सोडवायला निघालेली मुलगी, तिच्या मागे देव, पुढे राक्षस. या मंडळींकडे कॅमेऱ्यांची कडी नव्हती, पैसे तर अजिबात नव्हते. लोकवर्गणीचा त्यांचा प्रयत्न २०१७ मध्ये फसला होता. त्यांनी काय केलं? कॅमेरा उंच आणि लांब ठेवला, म्हणजे राजीच्या गालावर छिद्रं आहेत का हे कुणी विचारायलाच नको. गोष्ट सांगायची वेळ आली की सावल्यांच्या बाहुल्या नाचवल्या. दरीच्या काठावर जायचंच कशाला, इथूनच नमस्कार. त्या वर्षीच्या 'द गेम अवॉर्ड्स'मध्ये पदार्पणाच्या उत्तम गेमसाठी 'राजी'ला नामांकन होतं. एकाच गावात, एकाच पावसाळ्यात एक चेहरा जगाला खटकला आणि जवळपास न दाखवलेला दुसरा आवडला.

बाहुल्यांचा हा रस्ता हुशारीचा आहे, पण कायमचा नाही. कधीतरी जवळ जाऊन चेहरा काढावाच लागेल. आणि तो कुणाचा काढणार, हा खरा प्रश्न.

सोपा मार्ग हाताशी आहे. एपिक गेम्सने २०१९ मध्ये सर्बियातल्या नोव्ही साद गावची थ्रीलॅटरल ही चेहरेवाली कंपनी विकत घेतली आणि फेब्रुवारी २०२१ मध्ये 'मेटाह्यूमन' जाहीर केलं. तयार चेहऱ्यांचं भांडार आहे, त्यातले दोन-चार उचला, एकाचं नाक दुसऱ्याला लावा, गाल ओढा, वय वाढवा. पूर्वी आठवडे-महिने लागणारा माणूस आता तासाभरात. क्लासमधली पोरं खूश, क्लासवाले त्याहून खूश. पण बनलेला माणूस बघा. रंग गव्हाळ केला तरी हाडं कुठली तरी लांबची. सुरुवातीला कपाटात टी-शर्ट आणि हुडीसारखे कपडे मिळाले. नऊवारीचा काष्टा घालून बघा म्हणजे कळेल. नऊ वार कापड, त्याच्या निऱ्या, त्यात पळणारी बाई आणि हातात १६ मिलिसेकंद. भल्या संगणकाचा पंखा घरघरायला लागतो.

बोलायला लावा, मग तर बघायलाच नको. ओठांच्या हालचालींचे साचे आधी इंग्रजी बोलण्यावर घोटलेले. मराठी 'ळ' म्हणताना जीभ मागे वळून टाळूला लागते, ओठ जागचे फारसे हलत नाहीत. आणि गेममधल्या पात्रांची जीभ हा सगळ्यात दुर्लक्षित अवयव. बहुतेकांना ती असते ती दातांमागे पोकळी दिसू नये म्हणून. तेव्हा अशा पात्राला 'बाळू, खुळ्या, पळ' म्हणायला लावलं, तर आवाज बाळूला पळवेल आणि तोंड भलतंच काही सांगेल.

तयार माल वापरू नये असं कुणी म्हणत नाही. पण तयार मालावर शिकलेल्या पोराला नाक कुठे संपतं आणि गाल कुठे सुरू होतो, हे स्वतः बघावंच लागलेलं नसतं. फ्लेक्सवाला थोरला आणि गेमवाला धाकटा अशाने एकाच जागी येऊन पोचतात. एकाने खरा चेहरा पुसलेला असतो, दुसऱ्याने तो पाहिलेला नसतो.

चेहऱ्याच्या मालकीचं प्रकरण वेगळंच. आम्हाला तो जमाना आठवतो जेव्हा सायबर कॅफेत तासाच्या हिशेबाने 'क्रिकेट ०७' चालायचा. अधिकृत परवाने इंग्लंड आणि ऑस्ट्रेलियाच्या संघांचे, म्हणून आपल्या खेळाडूंची नावं मोडतोड करून छापलेली, चेहरे साच्यातले. कुठल्या तरी दादाने पॅच टाकून नावं दुरुस्त केली की कॅफेत त्याचा मान वाढायचा. पुढे डिसेंबर २०१७ मध्ये पुण्याच्या जेटसिंथेसिसने 'सचिन सागा' आणला, तेव्हा सचिनचा चेहरा सचिनच्या संमतीने आला. जुलै २०२४ मध्ये अमेरिकेत गेममधल्या नटांनी संप पुकारला तो याच कारणाने: आमचा चेहरा, आवाज, चाल एकदा टिपलीत की यंत्राकडून जन्मभर राबवून घ्याल, त्याची परवानगी आणि पैसे आधी बोला. जवळपास वर्ष चालला तो संप. तो सुरू झाला त्याच महिन्यात मुंबई उच्च न्यायालयाने अरिजित सिंग यांच्या आवाजाच्या यंत्रनकलांना चाप लावला. २०२५ मध्ये आशा भोसले यांनाही असंच संरक्षण मिळालं. मोठ्यांची सोय झाली. उद्या कुणी कॅमेऱ्यांचं कडं घेऊन औरंगपुऱ्यात आला आणि 'मावशी, जरा इकडे बघा, हसा, रागवा, पाचशे रुपये देतो' म्हणाला, तर मावशीने कुठल्या कागदावर अंगठा द्यायचा, ते मात्र कुणी सांगून ठेवलेलं नाही. मावशी भाव करण्यात पटाईत आहे, एवढाच दिलासा.

नाव कुणाचं आणि हात कुणाचे, हा घोळ आपल्या जिल्ह्याला नवा नाही. १८४४ पासून रॉबर्ट गिल हा लष्करी अधिकारी अजिंठ्यात राहून तिथल्या भिंतींवरचे चेहरे कॅनव्हासवर उतरवत होता. वर्षानुवर्षं खपला. ती चित्रं लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये लावली आणि १८६६च्या आगीत बहुतेक जळून गेली. मग १८७२ ते १८८५ या काळात मुंबईच्या जे. जे. स्कूलचे जॉन ग्रिफिथ्स आपले विद्यार्थी घेऊन आले. पेस्तनजी बोमनजींसारखी पोरं अंधाऱ्या लेण्यांत बसून एकेक डोळा, एकेक ओठ नकलत राहिली. ती चित्रंही लंडनला गेली आणि १८८५ मध्ये त्यातली बरीच पुन्हा आगीत गेली. पुढे पुस्तक निघालं, त्यावर नाव ग्रिफिथ्स यांचं. परदेशी मालकासाठी चेहऱ्यांची कामं करून देण्याचा धंदा आपल्याकडे असा दीडशे वर्षांचा आहे. बॅकअप न ठेवण्याचाही.

पण जे. जे.च्या त्या पोरांना एक गोष्ट फुकट मिळाली, जी आजच्या क्लासच्या फीत बसत नाही: वर्षानुवर्षं एका चेहऱ्याकडे बघणं. आणि चेहरेही कसले! दीड हजार वर्षांपूर्वीच्या त्या चितारींनी सगळ्यांना एकाच डब्यातून गोरं केलेलं नाही. एक नंबरच्या लेण्यात सावळे, काळे, तांबूस, गव्हाळ असे सगळे रंग शेजारी शेजारी आहेत; राजवाड्यातली माणसंही काळीसावळी आहेत आणि रुबाबदार आहेत. नाकाच्या दांड्यावर, हनुवटीवर, खालच्या ओठावर उजळ रंगाचा एखादा फटकारा देऊन सपाट भिंतीतून चेहरा पुढे आणलाय. तिथल्या पद्मपाणी बोधिसत्त्वाच्या झुकलेल्या पापण्या पाहिल्या की एकमन साहेबांची यादी अपुरी वाटते.

त्याच लेण्यातल्या गाभाऱ्यात दगडाची बुद्धमूर्ती आहे. तिथले गाइड पूर्वापार एक खेळ दाखवत आलेत: टॉर्च एका बाजूने धरला की मूर्ती हसरी दिसते, दुसऱ्या बाजूने गंभीर, समोरून ध्यानस्थ. २००० मध्ये पॉल डेबेव्हेक या शास्त्रज्ञाने 'लाइट स्टेज' उभारला, त्यात माणसाच्या चेहऱ्यावर एकेका दिशेने उजेड टाकून प्रत्येक दिशेचं छायाचित्र वेगळं घेतात. मग संगणकात त्या चेहऱ्यावर हवा तसा उजेड पाडता येतो. हॉलिवूडने त्यावर मोठमोठे चित्रपट उभे केले. आमचा गाइड हाच मुद्दा टॉर्चवर समजावून सांगतो आणि वर बक्षिसी मागतो. त्याला आम्ही गेम आर्टच्या कुठल्याही क्लासमध्ये पाहुणा व्याख्याता म्हणून बोलावलेलं नाही.

सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने अॅनिमेशन, गेमिंग वगैरेंचं धोरण मंजूर केलं: ३,२६८ कोटी रुपये आणि नजर थेट २०५० सालावर. चांगलं आहे. संकुलं उभी राहतील, यंत्रं येतील, कोनशिला बसतील, कोनशिलेशेजारी फ्लेक्स लागतील. एवढ्या पैशांत एक छोटं कलम बसवावं, अशी आमची विनंती आहे. या राज्यातल्या माणसांचे चेहरे, त्यांची संमती घेऊन, त्यांना मोबदला देऊन, नीट टिपावेत आणि आपल्याच पोरांना वापरायला द्यावेत. लासूरच्या बाजारातला म्हातारा, पैठणचा कोष्टी, भडकलगेटचा रिक्षावाला, मेळघाटातली आजी. सुरकुत्यांसकट. त्यात नंबर लावायला भाऊ आले तर त्यांनाही बसवावं, फक्त आधी तोंड धुऊन यायला सांगावं.

धोरण अंमलात यायला वेळ लागेल. तोवर निराला बाजार, औरंगपुरा, गुलमंडी भागात जी पोरं क्लासला जातात, त्यांना एवढंच सांगणं. आठवड्यातून एक संध्याकाळ संगणक बंद ठेवा आणि वही घेऊन मंडईत बसा. भाव सांगताना, नाही म्हणताना, सुटे नसल्याचं खोटं बोलताना चेहऱ्याचं काय होतं ते काढा. मावशीला विचारून काढा, आणि काढलेलं तिला दाखवा. ती सांगेल कुठे चुकलं. आणि महिन्यातून एकदा अजिंठ्याला जा. शंभरेक किलोमीटर आहे, एसटी जाते, फर्दापूरच्या टी-पॉइंटला उतरून पुढची बस धरायची. लेणी सोमवारी बंद असतात, तेव्हा मंगळवारी निघा.